चाळिशीचे भिंग आणि मुलांचे बेट

कादंबरीत विज्ञानाची ढोबळ चूक सापडली म्हणजे ती कादंबरी खोटी ठरते काय? प्रश्न पुस्तकी वाटतो. परंतु मेहरूण येथे आमच्या तरुणांच्या वाचनबैठकीत तो अगदी तावातावाने विचारला गेला. विल्यम गोल्डिंग या इंग्रज लेखकाची 'लॉर्ड ऑफ द फ्लाईज' (१९५४) ही कादंबरी त्या दिवशी चर्चेला होती. जी. ए. कुलकर्णी यांच्यासारख्या श्रेष्ठ कथाकाराने तिचा मराठी अनुवाद केला असल्यामुळे ती आपल्या वाचकांना अगदीच परकी नाही. चर्चा निम्म्यावर आली असता भौतिकशास्त्र शिकणारा एक तरुण उठला व म्हणाला, "फादर, ज्या चष्म्याने ही मुलं आग पेटवतात, त्या चष्म्याने आग पेटणंच शक्य नाही. मग पुढचं सगळं खरं कसं मानायचं?" त्यावर एका निवृत्त शिक्षिकाबाईंनी त्याला समजावले, "अरे, कादंबरी म्हणजे प्रयोगशाळेची वही नव्हे. लेखकाला तेवढी मोकळीक द्यावी लागते." बैठक तेथेच दोन तटांत विभागली गेली. मला त्या वेळी नीट उत्तर देता आले नाही. दोन्ही बाजूंत तथ्य आहे आणि तरीही दोन्ही बाजू मूळ मुद्द्यापाशी पोहोचत नाहीत, एवढेच जाणवत राहिले. प्रस्तुत लेख म्हणजे त्या तरुणाला उशिरा दिलेले उत्तर होय.

ज्यांनी कादंबरी वाचलेली नाही त्यांच्यासाठी कथाभाग थोडक्यात सांगतो. युद्धकाळात काही इंग्रज शाळकरी मुलांना घेऊन जाणारे विमान एका निर्जन बेटावर कोसळते. मोठे माणूस एकही वाचत नाही. मुले सभा भरवतात, राल्फला नायक निवडतात आणि समुद्रावरून जाणाऱ्या जहाजाला दिसावा म्हणून डोंगरमाथ्यावर धुराचा जाळ पेटता ठेवायचे ठरवतात. काडेपेटी कोणाजवळ नाही. तेव्हा जॅक नावाच्या मुलाचे लक्ष पिगीच्या चष्म्याकडे जाते. पिगी हा लठ्ठ, दमेकरी, चष्म्याशिवाय चाचपडणारा, पण सर्वांत विचारी मुलगा. त्याच्या डोळ्यांवरून चष्मा ओढून घेतला जातो, भिंग पुढेमागे सरकवून कुजक्या लाकडावर सूर्याची लखलखीत प्रतिमा पाडली जाते आणि जाळ पेटतो. पुढे जॅक शिकारीच्या नादी लागतो, जाळ विझतो, त्याच वेळी एक जहाज निघून जाते. भांडणात चष्म्याचे एक भिंग फुटते. उरलेल्या एका भिंगासाठी जॅकची टोळी रात्री दरोडा घालते. आपला चष्मा परत मागायला गेलेला पिगी वरून ढकललेल्या शिळेखाली मरतो. शेवटी राल्फला बिळातून बाहेर काढावे तसे काढण्यासाठी सारे रान पेटवले जाते आणि तोच वणवा पाहून एक युद्धनौका किनाऱ्याला लागते.

आता त्या तरुणाचा आक्षेप पाहू. लेखकाने पिगीला लघुदृष्टीचा म्हटले आहे, म्हणजे त्याला दूरचे दिसत नाही. अशा डोळ्यात बाहेरून येणारे किरण दृष्टिपटलाच्या अलीकडेच एकत्र येतात. ते थोडे मागे ढकलण्यासाठी चष्म्याला मध्ये पातळ व कडेला जाड अशी अंतर्वक्र काच बसवतात. ही काच किरणांना फाकवते. ती उन्हात धरली तर कागदावर उजेडाचा ठिपका पडत नाही, उलट फिकट सावली पडते. ऊन गोळा करायचे तर मध्ये फुगीर असे बहिर्वक्र भिंग हवे. आपल्या मेहरूणच्या तलावाकाठी एप्रिलच्या उन्हात कोणाही शाळकरी मुलाने हा प्रयोग करून पाहावा. पाच मिनिटांत निकाल लागेल. तेव्हा चूक ही चूकच आहे. ती 'लेखकाची मोकळीक' म्हणून झाकता येत नाही, कारण लेखकाने काही जादूचे बेट रंगवलेले नाही. त्याने जाळ, धूर, ऊन, भिंग यांचे वर्णन मोठ्या काटेकोरपणे केले आहे. नवलाची गोष्ट अशी की गोल्डिंगचे वडील शाळेत विज्ञान शिकवीत असत आणि त्याने स्वतः ऑक्सफर्ड येथे प्रथम विज्ञानाचाच अभ्यास आरंभून पुढे तो इंग्रजी साहित्याकडे वळला होता.

असे असता त्या तरुणाचे म्हणणे पुरते मान्य करून पुस्तक मिटून ठेवावे काय? मला तसे वाटत नाही. ऊन एकवटणाऱ्या काल्पनिक वस्तूंची साहित्यात मोठी परंपरा आहे आणि अशा वस्तूकडे दोन प्रश्न घेऊन जावे लागते. ती खरोखर चालेल काय, हा पहिला. आणि लेखक तिच्याकडून कोणते काम करून घेतो, हा दुसरा.

आपल्याकडील सूर्यकांत मणी घ्या. सूर्याचे किरण पडताच ज्यातून अग्नी बाहेर पडतो अशी ही कविकल्पनेतील वस्तू इतकी रुळली की 'सूर्यकांत' हे घरोघरच्या मुलाचे नाव झाले. कालिदासाच्या शाकुंतलाच्या दुसऱ्या अंकात दुष्यंत तपस्व्यांना या मण्याची उपमा देतो. स्पर्शाला हा मणी शीतल, परंतु दुसऱ्याचे तेज अंगावर आले की आतला दाह बाहेर टाकणारा. असा मणी कोणत्या खाणीत सापडतो, हे आपण कवीला विचारत नाही. शांत माणसाच्या अंतरी दडलेला अग्नी दाखवणे हे त्या मण्याचे काम, आणि ते तो चोख बजावतो.

याच्या अगदी दुसऱ्या टोकाला ज्युल व्हर्न आहे. भा. रा. भागवत यांनी व्हर्नच्या कितीतरी कथा मराठी मुलांच्या हाती दिल्या, त्यामुळे त्याची ओळख करून देण्याची गरज नाही. 'मिस्टीरिअस आयलंड' या १८७४-७५ च्या कादंबरीत निर्जन बेटावर सापडलेला सायरस स्मिथ हा अभियंता आपल्या व आपल्या पत्रकार मित्राच्या घड्याळाच्या काचा काढतो, त्यांच्यामध्ये पाणी भरतो, कडा चिकणमातीने लिंपतो आणि या पाण्याच्या भिंगाने सुके शेवाळ पेटवतो. त्याआधीच्या उत्तर ध्रुवावरील कथेत तर व्हर्नचा डॉक्टर बर्फ तासून भिंग बनवतो. दोन्ही भिंगे तत्त्वतः बिनचूक आहेत. व्हर्नचे भिंग वाचकाला सांगते की ज्ञान बरोबर असले की माणूस कोठेही उघडा पडत नाही. त्याच्या बेटावर प्रौढ आहेत, त्यांच्यात सलोखा आहे आणि भिंग कोणाच्याही डोळ्यांवरून ओढून घ्यावे लागत नाही.

या शेवटच्या वाक्यात दोन लेखकांमधला सारा फरक आहे. गोल्डिंगचे भिंग हे कोणाचे तरी डोळे आहेत. सगळ्यांना जाळ हवा, पण तो पेटवायचा तर एका मुलाला तेवढा वेळ आंधळे करावे लागते. पहिल्याच वेळी कोणी पिगीची परवानगी घेत नाही. तो ओरडत राहतो आणि बाकीची मुले जाळाभोवती नाचत असतात. पुढे जे भीषण घडते त्याचे बीज येथेच पडले आहे. दरोडा आणि खून हे त्या पहिल्या ओढून घेण्याचेच वाढलेले रूप होय. समाज आपल्यातील दुबळ्याच्या वस्तूवर जगतो आणि त्याच दुबळ्याची टर उडवतो, हे एवढ्याशा चष्म्यातून दाखवणे ही मोठ्या लेखकाचीच करामत आहे. एक गोष्ट मात्र इंग्रजी न जाणणाऱ्या वाचकाच्या कानावरून निसटते. 'पिगी' म्हणजे डुकराचे पिल्लू. आणि त्या बेटावर शिकार होते तीही डुकरांचीच.

आता मी ज्या मुद्द्यासाठी लेखणी उचलली तो सांगतो. ऊन एकवटणारा चष्मा जगात असतोच, फक्त तो लघुदृष्टीच्या मुलाचा नसतो. वय वाढले की डोळ्यांतील नैसर्गिक भिंगाची लवचीकता कमी होते, जवळचे अक्षर दिसेनासे होते आणि माणूस फुगीर काचेचा चष्मा घेतो. मराठीने या चष्म्याला किती नेमके नाव दिले आहे! आपण त्याला 'चाळिशी' म्हणतो. मोतीबिंदू काढल्यानंतर पूर्वी आजीआजोबांना जो जाड काचेचा चष्मा मिळे, तो तर उन्हात विसरला तर धोक्याचाच. सारांश, जाळ पेटवू शकणारा चष्मा बहुधा वडीलधाऱ्यांच्या नाकावर असतो. गोल्डिंगच्या बेटावर चाळिशी असण्याचा संभव फारच थोडा, कारण बेटावर चाळिशीचे माणूसच नाही. सूर्य आहे, लाकूड आहे, हुशारी आहे. नाही ते वडीलधाऱ्यांचे भिंग. लेखकाने ते नकळत एका मुलाच्या नाकावर ठेवले.

हे लेखकाने योजून केले, असा दावा मी करणार नाही. चुकीला हेतू चिकटवणे ही टीकाकाराची जुनी खोड आहे आणि ती टाळलेली बरी. परंतु चूक कोठे होते यालाही अर्थ असतो. पिगी हा मुलांतला म्हाताराच आहे. तो उठता बसता आपल्या मावशीचे शब्द सांगतो, लहानग्यांची नावे लिहून घ्यायला बजावतो, मोठी माणसे असती तर त्यांनी काय केले असते याचा विचार करतो. बेटावर वडीलधाऱ्यांचे जे काही उरले आहे ते त्याच्यापाशी आहे. म्हणून प्रकाशशास्त्राच्या दृष्टीने चुकलेला तो चष्मा कथेच्या दृष्टीने योग्य नाकावर बसला आहे. आमच्या तरुण मित्राला मी म्हणेन की, तुझा आक्षेप खरा आहे आणि तो घेतला नसतास तर ही गोष्ट माझ्या ध्यानात आली नसती.

कॅथॉलिक वाचकाला या कादंबरीतील आणखी काही गोष्टी अस्वस्थ करतील, करायला हव्यात. जॅकची शिकारी टोळी म्हणजे मुळात चर्चमधील गायकवृंद आहे. ही मुले प्रथम दिसतात ती काळ्या झग्यांत, छातीवर रुपेरी क्रूस मिरवत, रांगेने चालत येताना. वाटेत मूर्च्छा येऊन पडणारा सायमन हाही त्याच वृंदातला. एकाच बाकावर बसून स्तोत्रे गाणाऱ्यांपैकी एक डुकराचे मुंडके काठीवर खोवून त्या अज्ञात श्वापदाला नैवेद्य ठेवतो आणि दुसरा, श्वापद आपल्या आतच आहे हे ओळखून ते सांगायला धावत येतो व भावांच्याच हातून मारला जातो. पुस्तकाचे नावही त्या मुंडक्यावरून आले आहे. 'माश्यांचा स्वामी' हा राजांच्या दुसऱ्या पुस्तकातील एक्रोनच्या दैवताच्या नावाचा शब्दशः अर्थ, आणि शुभवर्तमानात सैतानासाठी येणारे नाव त्याच कुळातले. एक लहानगा तर चक्क धर्मोपदेशकाच्या घरचा आहे. भीती वाटली की तो आपले नाव, घराचा पत्ता व टेलिफोनचा क्रमांक मंत्रासारखा म्हणतो. शेवटी सुटका करणारा अधिकारी समोर उभा असता तो आपले नाव सांगायला जातो आणि त्याला ते आठवत नाही. संपूर्ण कादंबरीत मला याहून करुण जागा आढळली नाही. क्रूस कपड्यावर होता, पत्ता ओठांवर होता. दोन्ही आत उतरले नव्हते. बेटावर गायकवृंदापैकी कोणी प्रार्थना करताना दिसत नाही. मुलांच्या गायनाची तयारी वर्षानुवर्षे करून घेणाऱ्या माझ्यासारख्याने या पानावर थांबून आपल्या कामाचा हिशेब मांडावा, असे मला वाटले.

तरुणपणी मी ही कादंबरी मूळ पापाच्या शिकवणीचा दाखला म्हणून प्रवचनात वापरीत असे. आज मला तो वापर अपुरा वाटतो. गोल्डिंग दुसऱ्या महायुद्धात नौदलात होता. १९४४ च्या नॉर्मंडीच्या चढाईत त्याने प्रत्यक्ष भाग घेतला. माणूस काय करू शकतो ते पाहून तो परतला आणि त्याने शिक्षकी करता करता हे पुस्तक लिहिले. बॅलंटाइनच्या 'कोरल आयलंड'सारख्या जुन्या गोष्टींतील इंग्रज मुले बेटावरही सद्गुणी व आनंदी राहतात, त्या भाबडेपणाला हे उत्तर होते. उत्तर म्हणून ते जोरकस आहे. धर्मशिकवण म्हणून ते पूर्ण नाही. ट्रेंटच्या धर्मपरिषदेने १५४६ साली मूळ पापाची शिकवण मांडली आणि १९९२ च्या धर्मशिक्षण ग्रंथातही ख्रिस्तसभेने हेच स्पष्ट केले आहे की मानवी स्वभाव जखमी झाला आहे, सर्वस्वी सडलेला नाही. जखमी आणि सडलेला यांत वैद्याच्या दृष्टीने महदंतर असते. गोल्डिंगला सायमन दिसतो, पण सायमनपासून कोणी काही शिकत नाही. कृपेला त्या बेटावर पाय ठेवायला जागा मिळत नाही.

येथे एक घडलेली हकीकत सांगणे प्राप्त आहे. जून १९६५ मध्ये प्रशांत महासागरातील टोंगा येथील वसतिशाळेतली १३ ते १६ वर्षांची सहा मुले एक नाव घेऊन पळाली, वादळात सापडली आणि आठ दिवस भरकटत 'अता' या निर्जन खडकाळ बेटाला लागली. सप्टेंबर १९६६ मध्ये पीटर वॉर्नर या ऑस्ट्रेलियन नाविकाला ती सापडली, तेव्हा सहाही जण जिवंत व सुदृढ होते. त्यांनी बाग केली होती, पोखरलेल्या ओंडक्यांत पावसाचे पाणी साठवले होते, कोंबड्यांसाठी खुराडी बांधली होती. भांडण झाले की दोघांनी दोन दिशांना जाऊन राग शांत होऊ द्यायचा, असा त्यांचा नियम होता. एकाचा पाय मोडला तेव्हा इतरांनी काठ्या बांधून तो जुळवला आणि त्याच्या वाट्याचे काम केले. दिवसाचा आरंभ व शेवट गाणे आणि प्रार्थना यांनी होई. त्यांच्यापाशी भिंग नव्हते. लाकडावर लाकूड घासून त्यांनी विस्तव पाडला आणि तो वर्षाहून अधिक काळ एकदाही विझू दिला नाही.

यावरून गोल्डिंग खोटा पडला, असे काही विद्वान म्हणतात. मला ते घाईचे वाटते. सहा मित्र आणि एकमेकांना अनोळखी अशा लहानमोठ्या मुलांचा जमाव यांत फरक आहे. परंतु एक गोष्ट या मुलांनी सिद्ध केली. वडीलधारे जवळ नसतानाही त्यांचे भिंग मुलांच्या आत असू शकते. पाळी नेमणे, राग गिळणे, प्रार्थना म्हणणे, दुखणेकऱ्याचे काम आपण करणे हे त्यांना बेटाने शिकवले नाही. ते त्यांनी घरून आणले होते. गोल्डिंगच्या मुलांचा जाळ भिंगाने क्षणात पेटला आणि राखणीअभावी विझला. अताच्या मुलांचा विस्तव मोठ्या कष्टाने पेटला आणि राखणीमुळे टिकला.

खानदेशच्या वाचकाला येथे साने गुरुजींची आठवण झाल्याशिवाय राहणार नाही. १९२४ ते १९३० या काळात ते अमळनेरच्या शाळेत शिक्षक होते आणि तेथील छात्रालयाची जबाबदारी त्यांच्याकडे होती. घरापासून दूर आलेल्या मुलांत ते राहिले, त्यांच्यासाठी हाताने लिहून दैनिक काढू लागले. पुढे १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात त्यांनी 'श्यामची आई' लिहिले. त्या पुस्तकावर भाबडेपणाचा आरोप होतो. पण ते गोल्डिंगशेजारी ठेवून वाचले तर एक गोष्ट दिसते. श्यामही खोटे बोलतो, हट्ट करतो, चुकतो. तोही काही देवदूत नाही. फरक इतकाच की त्याची चूक होते तेव्हा कोणीतरी जवळ असते आणि ते माणूस त्याच्या चुकीकडे प्रेमाने, पण नीट निरखून पाहते. आपली मुले आता शिक्षणासाठी पुण्यामुंबईला वसतिगृहांत राहतात. आपापल्या बेटावरच ती जातात म्हणा ना. ती जाताना आपण त्यांच्या पेटीत काय ठेवतो, हा प्रश्न या दोन पुस्तकांनी मिळून विचारलेला आहे.

शेवटी आपल्या उपासनेतील एक जुनी गोष्ट. आठव्या शतकात जर्मन प्रदेशात कार्य करणाऱ्या संत बोनिफास यांनी पोप झकारिया यांना ईस्टरच्या नव्या अग्नीविषयी विचारणा केली होती. त्या पत्रव्यवहारात स्फटिकांचाही उल्लेख येतो. अग्नी स्फटिकाने उन्हातून घ्यावा काय, असा प्रश्न त्यामागे असावा. पोपमहाशयांनी कळवले की स्फटिकांची अशी काही परंपरा आमच्याकडे नाही. त्या काळी रोममध्ये पवित्र गुरुवारी दिवे एकांत जागी लावून ठेवीत आणि त्यांची राखण करून पुढच्या विधीसाठी त्यांतूनच अग्नी घेत, अशी माहिती त्याच उत्तरात आहे. अग्नी कशाने पाडला यापेक्षा तो तीन दिवस कोणी जपला, याला तेथे महत्त्व होते.

'लॉर्ड ऑफ द फ्लाईज' आपल्या घरांतील मोठ्या मुलांनी अवश्य वाचावे, आणि शक्यतो आईवडिलांनी ते त्यांच्याबरोबर वाचावे. वाचताना पिगीच्या चष्म्यापाशी थांबून चूक दाखवून द्यावी. मुलांना ती पटकन समजेल. मग घरातल्या आजोबांची चाळिशी मागून घ्यावी, अर्थात त्यांची परवानगी घेऊन, अंगणात उन्हात धरून पाहावी, आणि काम झाले की ती त्यांना लगेच परत नेऊन द्यावी.